‘नंबर क्या है?’ : मोटारीच्या अस्सल सुट्या भागाचा शोध

जुन्या दिल्लीत काश्मिरी गेट मेट्रो स्थानकाबाहेर पडून निकल्सन रोड, हॅमिल्टन रोड आणि मोरी गेट असा फेरफटका मारला, तर कोणी मोटारीचे पोट उघडून रस्त्याच्या दुतर्फा मांडून ठेवले आहे असा भास होतो. एका दुकानात केवळ क्लच प्लेट, शेजारच्या दुकानात केवळ हेडलाइट, त्यापलीकडे छतापर्यंत रचलेली गॅस्केटची पुडकी. तीस हजारी न्यायालयाच्या परिसरात ‘गोखले मार्केट’ ही पाटी वाचून मराठी माणसाचे पाऊल क्षणभर थबकते. आत मात्र तेथेही मोटारीच्या भागांचीच दुकाने भेटतात. परगावचे व्यापारी जेथून माल नेतात अशा या बाजारात किरकोळ गिऱ्हाईकही येते. वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळलेला, तेलाने माखलेला जुना भाग ते काउंटरवर ठेवते आणि ‘असाच द्या’ म्हणते. मुरलेला दुकानदार त्या भागाकडे फारसे पाहत नाही. तो विचारतो, ‘‘नंबर क्या है?’’

या प्रश्नाचे उत्तर बहुतेक मोटारमालकांपाशी नसते. गाडीचा नोंदणी क्रमांक त्यांना तोंडपाठ असतो, कर्जखात्याचा क्रमांक पासबुकात असतो, विम्याचा कागद कपाटात असतो. पण गाडीच्या प्रत्येक भागालाही उत्पादकाने दिलेला स्वतंत्र क्रमांक असतो आणि त्यावाचून योग्य भाग मिळणे हा निव्वळ नशिबाचा खेळ ठरतो, ही गोष्ट गाडी अडून बसेपर्यंत लक्षात येत नाही. डोळ्यांना सारखे दिसणारे दोन ब्रेक पॅड जाडीत एखाद्या मिलिमीटरने किंवा घर्षणद्रव्याच्या प्रतीत निराळे असू शकतात. चुकीचा पॅड कधी बसतच नाही. तेव्हा केवळ फेरी वाया जाते. तो कसाबसा बसतो तेव्हा खरी काळजी वाटावी.

नाव एक, गाड्या अनेक

‘मारुती ८००चा एअर फिल्टर’ असे म्हटल्याने काहीच निश्चित होत नाही, हे उदाहरण त्या गाडीच्या जन्मभूमीतूनच घेता येते. हरियाणातील तेव्हाच्या गुडगाव, म्हणजे आजच्या गुरुग्राम येथील कारखान्यातून १४ डिसेंबर १९८३ रोजी पहिली मारुती ८०० बाहेर पडली. १९८६ मध्ये तिचा सांगाडाच बदलला. २००० च्या सुमारास कार्ब्युरेटर जाऊन इंधन अंतःक्षेपणाची, म्हणजे ‘एमपीएफआय’ पद्धत आली. पाच गिअरची आवृत्तीही आली. जानेवारी २०१४ मध्ये उत्पादन थांबेपर्यंत बोनेटवरचे नाव मात्र तेच राहिले. तीस वर्षांत या एका नावाखाली किती निरनिराळे फिल्टर, प्लग आणि क्लच येऊन गेले असतील, याची कल्पना यावरून यावी.

दिल्ली व राष्ट्रीय राजधानी क्षेत्राच्या बाबतीत आणखी एक गुंता आहे. प्रदूषणाचे नियम येथे देशाच्या बराच काळ पुढे धावले. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९९ मधील आदेशानंतर एप्रिल २००० पासून राजधानी क्षेत्रात युरो-दोनच्या तोडीच्या गाड्यांचीच नोंदणी होऊ लागली. २०१० मध्ये ‘भारत स्टेज चार’ ही पातळी आली तीही आधी राजधानी क्षेत्रासह तेरा शहरांत. त्यांत महाराष्ट्रातील मुंबई, पुणे आणि सोलापूर होते. कोल्हापूर, नाशिक वा नागपूर नव्हते. मारुती ८०० या तेरा शहरांतून त्याच वेळी मागे घेण्यात आली. संपूर्ण देश स्टेज चारखाली आला तो एप्रिल २०१७ मध्ये आणि स्टेज सहाखाली एप्रिल २०२० मध्ये.

याचा सुट्या भागांशी संबंध सरळ आहे. नियमांची पातळी बदलली की कॅटॅलिटिक कन्व्हर्टर, ऑक्सिजन सेन्सर, इंजिनाचा नियंत्रण संगणक आणि त्यांना जोडणारे लहानमोठे भाग बदलण्याची शक्यता असते. राष्ट्रीयीकृत बँकेतील अधिकाऱ्यांच्या घरी तर हा प्रसंग नित्याचा. समजा, एकाने २०१३ साली कोल्हापुरात गाडी घेतली, बदली होऊन तो नोएडाला आला आणि शेजारच्या दिल्लीकर गृहस्थाकडे त्याच नावाची, त्याच वर्षाची, त्याच रंगाची गाडी उभी आहे. शेजाऱ्याने नुकताच बदललेला सेन्सर आपल्या गाडीलाही चालेल, असे गृहीत धरणे स्वाभाविक आहे. पण ते धोक्याचे आहे. शेजाऱ्याची गाडी कारखान्यातूनच सीएनजीची टाकी घेऊन आलेली असेल, तर मागच्या सस्पेन्शनचे भागही निराळे निघू शकतात.

गाडीच्या पाटीवरून यातले काहीही कळत नाही. एका राज्यातली गाडी बारा महिन्यांहून अधिक काळ दुसऱ्या राज्यात ठेवायची तर मोटार वाहन कायद्याप्रमाणे तिला तेथला नवा नोंदणी क्रमांक घ्यावा लागतो. २०२१ पासून सुरू झालेल्या ‘भारत’ मालिकेच्या पाटीमुळे बदलीच्या नोकरीतील अनेकांचा हा त्रास वाचला, ही गोष्ट वेगळी. पण पाटी कोणतीही असो, गाडीची घडण सांगणारा क्रमांक दुसराच असतो.

सतरा चिन्हांची जन्मपत्रिका

तो क्रमांक म्हणजे चेसीस क्रमांक. नोंदणी प्रमाणपत्रावर तो छापलेला असतो. गाडीवर तो बहुधा बोनेटखाली इंजिनामागच्या पत्र्यावर किंवा पुढच्या आसनापाशी जमिनीच्या पत्र्यावर कोरलेला असतो. गाडी परराज्यात नेताना किंवा दुसऱ्याच्या नावावर करताना ज्याचा पेन्सिलने घासून ठसा घेतात, तोच हा क्रमांक. आंतरराष्ट्रीय मानकाप्रमाणे त्यात सतरा चिन्हे असतात. रोमन लिपीतील आय, ओ आणि क्यू ही अक्षरे त्यात मुद्दाम वापरत नाहीत, कारण ती एक आणि शून्य या अंकांसारखी दिसतात. तेव्हा ठशात शून्यासारखे काही दिसले तर ते शून्यच समजावे. चेसीस क्रमांक वाचताना होणाऱ्या निम्म्या चुका एवढ्या माहितीने टळू शकतात.

पहिली तीन चिन्हे उत्पादक सांगतात. ‘एमए३’ म्हणजे मारुती सुझुकी, ‘एमएएल’ म्हणजे ह्युंदाई, ‘एमएटी’ म्हणजे टाटा, ‘एमए१’ म्हणजे महिंद्र, ‘एमएके’ म्हणजे होंडा. मधली चिन्हे गाडीचा प्रकार, इंजिन, सांगाडा अशा गोष्टी सांकेतिक रीतीने सांगतात आणि शेवटचे आकडे म्हणजे त्या विशिष्ट गाडीचा अनुक्रम. सुटे भाग शोधताना या शेवटच्या आकड्यांचे महत्त्व सर्वाधिक असते, ते का हे पुढे येईलच.

क्रमांकाचे व्याकरण

एका गाडीचा भाग दुसऱ्या गाडीला तंतोतंत बसावा ही कल्पना आज इतकी अंगवळणी पडली आहे, की तिचेही एकदा प्रात्यक्षिक करून दाखवावे लागले होते हे विस्मरणात गेले आहे. १९०८ मध्ये इंग्लंडमधील ब्रुकलँड्स येथे तीन कॅडिलॅक मोटारी पूर्णपणे सुट्या केल्या गेल्या, त्यांचे भाग एकमेकांत मिसळले गेले, त्यांतील ८९ भाग काढून विक्रेत्याच्या साठ्यातील नवे भाग घेतले गेले आणि त्या ढिगातून पुन्हा उभ्या केलेल्या तीन गाड्या पाचशे मैल चालवून दाखवण्यात आल्या. त्या काळी बहुतेक मोटारींचे भाग कारागीर कानसीने घासून त्या एकाच गाडीपुरते जुळवीत. भाग एकसारखे झाले म्हणूनच त्यांना क्रमांक देण्यात अर्थ उरला.

हे क्रमांक मनमानी नसतात. प्रत्येक उत्पादकाचे त्यामागे एक व्याकरण असते. सुझुकी, टोयोटा आणि ह्युंदाई यांच्या क्रमांकांत साधारणपणे पाच-पाच चिन्हांचे दोन गट असतात. पहिला गट हा भाग ‘काय आहे’ ते सांगतो, दुसरा तो ‘कोणत्या रचनेचा’ ते सांगतो. होंडाची पद्धत पाच, तीन, तीन अशी. उदाहरणार्थ, १५४००-पीएलएम-ए०२ या क्रमांकात १५४०० म्हणजे ऑइल फिल्टर, मधली तीन अक्षरे म्हणजे ज्या इंजिनासाठी वा गाडीसाठी तो मुळात योजला गेला त्याची खूण, आणि शेवटचा गट म्हणजे आवृत्ती. तेच ऑइल फिल्टर सुझुकीत १६५१० ने सुरू होते, ह्युंदाईत २६३०० ने, तर टोयोटात बहुधा ९०९१५ ने.

पुढच्या चाकांच्या ब्रेक पॅडचे आकडे पाहिले तर गंमतही वाटते आणि सावधपणाही येतो. टोयोटात ०४४६५, होंडात ४५०२२, सुझुकीत ५५८१० आणि ह्युंदाईत ५८१०१. शेवटच्या दोन क्रमांकांत आकड्यांची केवळ उलटापालट वाटावी इतके साम्य आहे. टोयोटात ०४४६५ ऐवजी ०४४६६ लिहिले गेले तर पुढच्याऐवजी मागचे पॅड हाती पडतात. फोनवरून क्रमांक सांगताना किंवा घाईत चिठ्ठीवर टिपताना होणारी चूक किती महाग पडते, ते यावरून समजावे. खातेक्रमांकातला एक आकडा चुकला तर काय होते हे बँकेच्या ग्राहकाला वेगळे सांगायला नको.

पहिला गट ओळखता आला की एक मोठा फायदा होतो : दुकानदाराने पुढे केलेल्या खोक्यात निदान योग्य जातीची वस्तू आहे की नाही, हे खोके न उघडता समजते. दुसरा गट मात्र तर्काने कधीही ठरवू नये. मारुतीच्या भारतात बनणाऱ्या अनेक भागांच्या क्रमांकात दोन गटांच्या मध्ये ‘एम’ हे अक्षर येते. ते गाळून वाचले तर शोधात गफलत होते. रंगीत भागांना, म्हणजे आरशाचे कवच, दाराची मूठ, आतील प्लॅस्टिकची झाकणे यांना, शेवटी रंगाची आणखी चिन्हे जोडलेली असतात. ती विसरली तर बसायला अगदी बरोबर, पण राखाडी गाडीला फिकट पिवळसर मूठ घरी येते.

फोक्सवॅगन समूहाची तऱ्हा थोडी निराळी. त्यांच्या क्रमांकातील पहिली तीन चिन्हे तो भाग मुळात ज्या गाडीसाठी आखला गेला तिची असतात. त्यामुळे स्कोडाच्या खोक्यावर फोक्सवॅगनचा संकेत आढळला तरी दचकण्याचे कारण नसते. क्रमांकाच्या शेवटी येणारे अक्षर मात्र सुधारित आवृत्ती दाखवते आणि ते गौण मानून चालत नाही.

कॅटलॉगचे वाचन

चेसीस क्रमांकापासून भागाच्या क्रमांकापर्यंत नेणारा पूल म्हणजे उत्पादकाचा पार्ट्स कॅटलॉग. एके काळी तो जाडजूड पुस्तकाच्या रूपात असे, नंतर मायक्रोफिल्मच्या पत्र्यांवर आला, पुढे सीडीवर आणि आता संगणकाच्या जाळ्यावर. रूप बदलले तरी मांडणी तीच आहे. गाडीचा एकेक विभाग जणू हवेत स्फोट होऊन विखुरला आहे अशा रीतीने चितारलेला असतो. प्रत्येक तुकड्याला चित्रात एक छोटा आकडा असतो आणि शेजारच्या तक्त्यात त्या आकड्यासमोर भागाचा खरा क्रमांक, नग आणि शेरे असतात. चित्रातला छोटा आकडा हाच भागाचा क्रमांक समजून दुकानात जाणारेही असतात.

खरे महत्त्व शेऱ्यांच्या रकान्याला आहे आणि नेमका तोच घाईत वाचला जात नाही. ‘अमुक चेसीस क्रमांकापर्यंत’, ‘तमुक चेसीस क्रमांकापासून पुढे’ असे त्यात लिहिलेले असते. उत्पादक वर्षाच्या मध्येच पुरवठादार किंवा रचना बदलतो. त्यामुळे एकाच महिन्यात विकल्या गेलेल्या दोन गाड्या या रेषेच्या अलीकडे-पलीकडे असू शकतात. विक्रीचे वर्ष, नोंदणीचे वर्ष आणि उत्पादनाचा महिना यांत अंतर असतेच. डिसेंबरात बनलेली गाडी फेब्रुवारीत विकली जाते आणि मालक आयुष्यभर तिला नव्या वर्षाची समजतो. चेसीस क्रमांकातील शेवटचे आकडे येथे निर्णायक ठरतात. एबीएस असलेली व नसलेली, एअरबॅग असलेली व नसलेली असेही भेद याच रकान्यात सापडतात. डावे-उजवे ठरवण्याची रीतही येथे एकच : चालकाच्या आसनावर बसून समोर पाहताना जी बाजू उजवी ती उजवी. गाडीसमोर उभे राहून हेडलाइट मागणाऱ्याला उलट बाजूचा मिळण्याचे कारण हेच.

कॅटलॉगमध्ये आणखी एक वाट असते : जुना क्रमांक रद्द होऊन त्याजागी नवा आलेला असणे. अशा वेळी नवा भाग जुन्याच्या जागी चालतो. जुना भाग नव्याच्या जागी चालेलच असे नाही. दुकानदाराने ‘हा नंबर आता बदलला’ असे सांगितले तर ते टाळाटाळ समजू नये. पण तो बदल कॅटलॉगच्या पडद्यावर दाखवण्याची विनंती करण्यात संकोचही नसावा.

हातातल्या जुन्या भागावरून क्रमांक वाचता येतो का? कधी येतो. परंतु धातूच्या भागावर ओतकामातच उमटलेला आकडा हा साच्याचा असतो. एकाच साच्यातून निघालेल्या ओतीव तुकड्यावर पुढे वेगवेगळी कामे करून दोन निराळे भाग बनवले जातात. दुसरा आकडा पुरवठादाराचा असतो. नोएडाची सुब्रोस वातानुकूलनाचे भाग बनवते, गुरुग्रामची ल्युमॅक्स दिवे बनवते. अशा पुरवठादारांचे स्वतःचे क्रमांक असतात आणि ते मोटार कंपनीच्या क्रमांकाहून वेगळे असतात. शिवाय तो जुना भाग पूर्वीच्या मालकाने चुकीचाच बसवलेला नसेल कशावरून?

एक साधा मार्ग बहुतेकांच्या घरातच असतो. अधिकृत सर्व्हिस केंद्राच्या जुन्या बिलांवर बदललेल्या प्रत्येक भागाचा क्रमांक छापलेला असतो. मात्र त्याच ओळीत ८७०८ ने सुरू होणारा आकडा दिसला तर तो भागाचा क्रमांक नव्हे. तो वस्तू व सेवा कराच्या वर्गवारीचा संकेत आहे आणि मोटारीच्या असंख्य भागांना तो सारखाच असतो.

माहिती कोणाच्या हाती?

हे सारे वाचून एक शंका येणे रास्त आहे. कॅटलॉग कंपनीचा, भाग कंपनीचे, मग ग्राहकाला ते मिळणार कसे? ही शंका जानेवारी २०११ मध्ये तक्रारीच्या रूपाने दिल्लीतील भारतीय स्पर्धा आयोगापुढे आली. सुटे भाग आणि दुरुस्तीची तांत्रिक माहिती खुल्या बाजारात मिळत नाही, त्यामुळे अधिकृत केंद्रांवाचून गत्यंतर राहत नाही, असे गाऱ्हाणे होते. सुरुवातीस तीन कंपन्यांविरुद्ध असलेली चौकशी पुढे इतर कंपन्यांपर्यंत विस्तारली. २५ ऑगस्ट २०१४ रोजी आयोगाने चौदा मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला. प्रत्येक कंपनीचे आपल्या गाड्यांच्या सुट्या भागांच्या बाजारात वर्चस्व आहे आणि त्याचा गैरवापर झाला, हा आयोगाचा निष्कर्ष होता. सुटे भाग स्वतंत्र दुरुस्ती करणाऱ्यांना उपलब्ध करावेत, त्यांच्या किमतींची माहिती सार्वजनिक करावी, आणि बाहेर दुरुस्ती केली एवढ्याच कारणाने सरसकट वॉरंटी रद्द करू नये, असेही निर्देश होते. प्रकरण अपिलांत गेले. डिसेंबर २०१६ मध्ये अपील न्यायाधिकरणाने टोयोटा, फोर्ड आणि निस्सान यांच्या बाबतीत मूळ निष्कर्ष कायम ठेवून दंडाचा पाया बदलला. दंडाचे काय व्हायचे ते होवो. सामान्य मालकाच्या दृष्टीने मोलाची गोष्ट ही, की सुट्या भागाविषयीची माहिती मागणे म्हणजे कोणाचे उपकार मागणे नव्हे, ही भूमिका एका वैधानिक संस्थेने लेखी मांडली.

क्रमांक बरोबर, माल खोटा

येथवर योग्य क्रमांक हाती आला. पण खोक्यावर तो क्रमांक छापलेला आहे, एवढ्यावरून आतला माल अस्सल ठरत नाही. नकली माल बनवणारा क्रमांकही हुबेहूब छापतो. किंबहुना तो सर्वांत आधी तेच करतो.

बाजारात तीन प्रकारचा माल असतो आणि त्यांची गल्लत करू नये. मोटार कंपनीच्या खोक्यातला भाग हा पहिला. त्याच कंपनीला पुरवठा करणाऱ्या कारखान्याने स्वतःच्या नावाने विकलेला किंवा अन्य नामांकित उत्पादकाचा भाग हा दुसरा. तो अप्रामाणिक नव्हे आणि पुष्कळदा उत्तम असतो. अशा खोक्यावर ‘अमुक गाडीसाठी’ असे छापण्यास व्यापारचिन्ह कायदा, १९९९ मुभा देतो, कारण भाग कोठे बसतो हे सांगायला गाडीचे नाव घ्यावेच लागते. मात्र ‘अमुक गाडीसाठी’ आणि ‘अमुक कंपनीचा’ यांतला फरक मोठ्या अक्षरांतील गाडीच्या नावाखाली दडून जातो. तिसरा प्रकार सरळसरळ बनावट. ठसठशीत नावाखाली उत्पादकाचा पत्ता नसणे, कमाल किरकोळ किंमत, महिना व वर्ष आणि ग्राहक संपर्काचा तपशील नसणे किंवा तो पुसट असणे, ही त्याची लक्षणे; आवेष्टित मालावर हा तपशील असणे २०११ च्या नियमांनी बंधनकारक आहे. मायापुरीच्या भंगार बाजारातील वापरलेले भाग हा आणखी निराळा विषय आहे. जुन्या गाडीचे दार वा डिकीचे झाकण तेथे स्वस्तात मिळेलही, पण ब्रेक, स्टिअरिंग आणि एअरबॅग यांचे वापरलेले भाग घेण्याचे धाडस कोणी करू नये.

बिलाचा आग्रह येथे कामी येतो. ‘ब्रेक पॅड, एक सेट’ एवढेच लिहिलेले बिल आणि भागाचा पूर्ण क्रमांक लिहिलेले बिल यांत जमीनअस्मानाचा फरक आहे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे सदोष वस्तू बिलावरील मुदतीत, किंवा तशी मुदत नसल्यास तीस दिवसांत, परत घेण्यास नकार देणे ही अनुचित व्यापारी प्रथा आहे. बिल न देणे हीसुद्धा. परंतु ग्राहकानेच चुकीचा क्रमांक सांगितला असेल तर वस्तू सदोष ठरत नाही, आणि ‘बिका हुआ माल वापस नहीं होगा’ या भिंतीवरच्या पाटीपुढे त्याचे काही चालत नाही. बिलावर क्रमांक असला तर चूक मागणाऱ्याची की देणाऱ्याची, हे कागदच सांगतो.

अपघातानंतर विम्याचा दावा करतानाही हेच क्रमांक पुढे येतात. वर्कशॉपच्या अंदाजपत्रकात भागांची यादी क्रमांकांसह असते आणि सर्वेक्षक तिच्यावर घसारा लावतो : रबर, नायलॉन, प्लॅस्टिक, बॅटरी, टायर आणि एअरबॅग यांवर ५० टक्के, फायबर ग्लासवर ३० टक्के, काचेवर काही नाही, धातूच्या भागांवर गाडीच्या वयाप्रमाणे. बंपरच्या प्लॅस्टिकवर निम्मी रक्कम आपल्या खिशातून जाते आणि आतल्या धातूच्या पट्टीवर कमी जाते, हे अंदाजपत्रकातील ओळी वेगळ्या वाचता आल्या तरच कळते. त्या अंदाजपत्रकाची एक प्रत आर. सी. आणि विमापत्राच्या पाकिटातच ठेवली, तर पुढच्या वेळी काश्मिरी गेटच्या काउंटरवर जुना भाग वर्तमानपत्रातून सोडवण्याआधी तीच पुढे सरकवता येते.